वायरची गोरसी
(१९९५ च्या दहावीच्या स्नेहमेळाव्यात केलेलं भाषण, छापण्यासाठी थोडं नीट करून)



मला दिलेला विषय होता ‘माहिती तंत्रज्ञान क्षेत्रातील संधी’. मी फोनवर म्हटलं, अरे, आपण सगळे पंचेचाळिशीचे. आता कसली संधी? गुडघे सांभाळण्याची संधी आहे फक्त. मग तू सांग कशावर बोलतेस, असं विचारल्यावर मी म्हटलं, मटणावर. पलीकडून बराच वेळ आवाजच आला नाही. मग हळूच, “शाकाहारी मंडळी पण आहेत व.” त्यांच्यासाठीही एक गोष्ट शेवटाकडे ठेवली आहे. ती त्यांनी नीट ऐकावी, तब्येतीची आहे.

आज सकाळी साडेसात वाजता, लाखनीजवळच्या आमच्या घरी, मी एका विजेच्या भांड्यात एक किलो बोकडाचं मटण, तीन बटाटे, थोडे शेंगदाणे आणि वाटलेला मसाला घातला, झाकण ठेवलं आणि इकडे आले. ते आत्ता शिजतंय. तिथं कोणी ढवळायला उभं नाही. आई अंगणात बसून शेजारणीला सांगत असेल की पोरगी पुण्याहून सुट्टी घेऊन आली आणि आल्या आल्या शाळेत पळाली. या भांड्याला स्लो कुकर म्हणतात. आत मातीचं, झिलई दिलेलं जड भांडं, बाहेर गरम होणारं कवच, वर काचेचं झाकण आणि समोर एक गोल बटण. आमच्या आईने त्याला दुसरं नाव ठेवलंय, ते पुढे येईल.

आधी एक कबुली द्यायची आहे. मराठीच्या बाई इथे बसल्या आहेत म्हणून देते. बाई, दहावीच्या सहामाहीला तुम्ही ‘माझी आई’ हा निबंध दिला होता. मी लिहिलं होतं की माझी आई दिवसभर चुलीपाशी असते, धुराने तिचे डोळे लाल होतात, पण ती आमच्यासाठी सुग्रास अन्न शिजवते. तुम्ही दहापैकी आठ गुण दिले आणि वर्गात वाचून दाखवला. बाई, ते खोटं होतं. सहामाहीच्या आधीचे दोन महिने आई चुलीपाशी नव्हतीच. ती रोवण्याला जात होती. आमचे दोन एकर आटोपले की दुसऱ्यांचे. इथल्या निम्म्या लोकांच्या आया त्याच बांधीत, त्याच चिखलात, कमरेत वाकून होत्या. सकाळी आठला जायच्या आणि दिवेलागणीला यायच्या. मग घरी आल्यावर ताटात गरम अन्न कुठून यायचं, हा प्रश्न मला निबंध लिहिताना पडला नाही. अजून वीस-पंचवीस वर्षं पडला नाही.

उत्तर गोरसीत होतं. परछीच्या कोपऱ्यात मातीची गोरसी, तिच्यात गोवरीचे निखारे, वर राखेचा थर आणि त्यावर मडकं. आई निघायच्या आधी कधी दूध ठेवायची, कधी लाखोळीची डाळ. संध्याकाळपर्यंत दुधाला बदामी रंग आणि बोटभर साय. डाळ अशी की पळी घातली की विरघळली. निखाऱ्यावर राख जास्त घातली की धग कमी, राख झटकली की धग जास्त. एवढंच काय ते नियंत्रण. मी मात्र ‘चूल’ आणि ‘धूर’ लिहिलं, कारण निबंधात आई चुलीपाशी असावी लागते.

आता मिनेसोटाला जाऊ. २०१० ते २०१४ मी कंपनीच्या कामाने तिथे होते. लाखनीच्या पोरीने उणे पंचवीस अंश पाहिले. आमच्या इमारतीत, समोरच्या दारात, थायलंडहून आलेली एक बाई राहायची, दवाखान्यात पाळीपाळीने ड्युटी करणारी. तिच्या दारातून रात्री असा वास यायचा की मी किल्ली कुलपात घालून तशीच उभी राहायचे. वेलची, दालचिनी, लवंग, भाजलेले धणे-जिरे. आपल्या सणाच्या रश्शाचाच वास, पण मागून काहीतरी लिंबासारखं, आणि गोडसर नारळ. एक दिवस तिने दार उघडलं आणि मी पकडली गेले.

त्या पदार्थाचं नाव मस्समन. थायलंडच्या बाकीच्या रश्श्यांत ओल्या पाल्याचा आणि मुळांचा जोर असतो. ह्यात आपल्यासारखे कोरडे, भाजलेले खडे मसाले असतात, बटाटा असतो, शेंगदाणा असतो, चिंच आणि गूळ असतो. ते मसाले आपल्या बाजूने, मुसलमान व्यापाऱ्यांबरोबर तिकडे गेले, आणि नावही ‘मुसलमान’ या शब्दावरूनच आलं असं मानतात. म्हणजे मला परका वाटलेला वास खरं तर माहेरून गेलेलाच होता.

ती करायची गोमांसाचं. खांद्याचा भाग, मोठे तुकडे, स्लो कुकरमध्ये आठ तास. ड्युटीला जाताना लावायचं, आल्यावर भाताबरोबर खायचं. वाढण्याआधी तिने मला स्वच्छ विचारलं, तुला चालतं का? मी म्हटलं, नाही. आता इथे मला कोणावर बोट ठेवायचं नाही. आपल्या वर्गात ज्यांच्या घरी चालायचं आणि ज्यांच्या घरी चालत नव्हतं, असे सगळे एका बाकावर बसून डबा खात होतो, आणि कोणी कोणाच्या डब्यात वाकून पाहत नव्हतं. १९७६ च्या कायद्यात गाय होती, २०१५ पासून आपल्या राज्यात बैलालाही बंदी आली. तो कायद्याचा भाग झाला. माझं ‘नाही’ कायद्यातून आलेलं नव्हतं. आमच्याकडे बैलांची जोडी होती. पोळ्याच्या आदल्या दिवशी, खांदशेकणीला, बाबा हळद आणि तूप कोमट करून त्यांच्या खांद्याला चोळायचे आणि मी वाटी धरून उभी राहायचे. पाककृतीत ‘खांद्याचा भाग’ म्हटलं की मला तो खांदा दिसतो. बस, एवढंच.

ती बाई हसली. म्हणाली, माझी आई पण खात नाही. थायलंडमध्ये कुआन यिन नावाच्या देवीला मानणारी पुष्कळ चिनी वंशाची कुटुंबं आहेत, ती गोमांस सोडतात. तिची आई कोंबडी घालायची. पुढच्या रविवारी तिने माझ्यासाठी कोंबडी घातली, आणि जाताना सांगितलं, तुझ्या घरी जे चालतं ते घाल, पण खांदा किंवा मानच घे, आणि घाई करू नकोस.

या भांड्याचा जन्म कसा झाला, तेही सांगते, कारण मला ते फार आवडलं. शिकागोतला अर्विंग नॅक्सन नावाचा एक ज्यू संशोधक. त्याची आई मूळची लिथुआनियातल्या विल्नियस गावची. तिथं शुक्रवारी सूर्य मावळला की शब्बाथ सुरू, मग विस्तव पेटवायचा नाही. म्हणून बाया शुक्रवारी दुपारीच शेंगदाणे नव्हे, पण घेवड्यासारख्या बिया, मांस आणि बटाटे मडक्यात भरून पोरीच्या हाती गावच्या बेकरीत पाठवायच्या. बेकरीची भट्टी विझत यायची, पण तिची धग रात्रभर पुरायची. दुसऱ्या दिवशी मडकं तयार. आईने सांगितलेली ही आठवण नॅक्सनने विजेवर उतरवली आणि १९४० साली पेटंट मिळवलं. पुढे एका मोठ्या कंपनीने ते विकत घेतलं आणि १९७१ मध्ये ‘क्रॉक-पॉट’ नावाने बाजारात आणलं. तो काळ अमेरिकेतल्या बायका मोठ्या संख्येने नोकरीला निघाल्याचा होता. भांडं धडाधड खपलं. विल्नियसची बेकरी काय आणि आमच्या परछीतली गोरसी काय, दोन्हीकडे बाईला दुसरं काम होतं आणि तिने विझत्या विस्तवाला कामाला लावलं.

२०१४ मध्ये परत आले तेव्हा सामानात ते भांडं, कपड्यात गुंडाळून. इथून पुढचा भाग विज्ञानाच्या सरांसाठी आहे, सर, मन घट्ट करा. पहिल्या सुट्टीत गावी आले. बाबांनी साऱ्या गल्लीला सांगून ठेवलेलं की पोरीने अमेरिकेची मशीन आणली, मटण आपोआप शिजते. चार शेजारी पाहायला आले. मी मटण घातलं, अडॅप्टर लावला, बटण दाबलं. वीस मिनिटांत जळका वास, आणि मग ‘टण्’ असा आवाज होऊन आतलं भांडं उभं तडकलं.

अमेरिकेत वीज १२० व्होल्टची. आपल्याकडे २३० ची. अडॅप्टरने फक्त पिनेचा आकार बदलतो, व्होल्टेज नाही. सरांनी नववीत फळ्यावर लिहिलेलं, शक्ती म्हणजे व्होल्टेजचा वर्ग भागिले रोध. वर्ग, सर. व्होल्टेज दुपटीच्या जवळ गेलं की शक्ती साडेतीन पटीच्या वर जाते. २४० वॅटचं भांडं पावणेनऊशे वॅट खेचायला लागलं. मी अभियांत्रिकीची पदवीधर. बाबा इतके हसले की त्यांना ठसका लागला. म्हणाले, “तिकडच्या मशीनले इकडचा करंट सोसला नाही.” आईने न बोलता मटण गंजात काढलं, काचरे उचलले, आणि चुलीवर ते पूर्ण केलं. भांड्याचे तुकडे अजून कोनाड्यात आहेत, आई त्यात लसूण ठेवते.

बाबा २०१६ मध्ये गेले.

त्यानंतर आईने मटण सोडलं. मला सांगितलं, “मन नाही होत.” मी ते मानलं. बाई माणूस नवऱ्यामागे असं काही सोडते, हे आपल्याला इतकं ओळखीचं आहे की मी पुढे विचारलंच नाही. मलाही, खरं सांगायचं तर, सोयीचं होतं. मी पुण्यात, ती इथे. फोनवर ‘जेवली का?’ ‘जेवली.’ झालं.

मार्च २०२० मध्ये ती आठ दिवसांसाठी पुण्याला आली आणि टाळेबंदीत सहा महिने अडकली. तेव्हा मला दिसलं की ती काय जेवते. वरण-भात कालवून, पातळ. पोळी दुधात. भाजीतली फोड बाजूला. पूर्ण कवळी बसवलेली होती, ती मला फोनवर कधी दिसली नव्हती. आल्यापासूनच बारीक दिसत होती, आणखी झाली. एका रविवारी मी प्रेशर कुकरमध्ये मटण केलं, म्हटलं रस्सा तरी घेईल. तिने घेतलं, बरं झालं म्हणाली. ताटं उचलताना पाहिलं तर तिच्या ताटात, उरलेल्या पोळीच्या तुकड्याखाली, चार तुकडे चघळून ठेवलेले. लपवलेले. आपल्या आईने आपल्यापासून काही लपवावं आणि ते इतकं छोटं असावं, याचं मला फार वाईट वाटलं.

रात्री भांडी घासताना विचारलं. आधी तेच, मन होत नाही. मग थोड्या वेळाने म्हणाली, “चावत नाही व मले. आन् एकटीसाठी कोन मटन आनते? पावभर मागतलं तं तो हाडंच देते.” चार वर्षं मी ज्याला दुःख समजत होते, त्यातलं निम्मं कवळी होती आणि निम्मा पाव किलोचा हिशेब.

मग मी इथे मिळणारा, २३० व्होल्टचा स्लो कुकर मागवला. आला, तसा तिने खोका उघडताना पाहिला. मी समजावून सांगायला लागले की आई, याची धग मंद असते, सात-आठ तास लागतात, झाकण उघडायचं नाही. तिने झाकण उचललं, आत हात फिरवला, खाली ठेवलं. “हे तं गोरसीच आहे. वायरची.”

तिथं मला माझा निबंध आठवला, बाई.

आता कुकरमध्ये चिवट झालेलं मटण इथे मऊ का होतं, ते सांगते. खांदा, मान, पाय हे जनावराचे राबणारे भाग. त्यात कोलॅजन नावाचे चिवट धागे जास्त. सत्तर अंशांच्या वर, पुरेसा वेळ दिला की ते विरघळून त्यांचं जिलेटिन होतं. रात्री रस्सा थिजल्यावर थरथरतो ना, ते. प्रेशर कुकर आत एकशेवीस अंशांपर्यंत जातो. कोलॅजन तिथे लवकर सुटतं, पण मांसाचे तंतूही आवळून आपलं पाणी सोडतात. शिट्टी एखादी कमी पडली तर वातड, जास्त झाली तर भुस्सा. मंद आचेवर मधली मोकळीक मोठी असते. अर्धा तास इकडेतिकडे झाला तरी बिघडत नाही. चमच्याने दाबलं की तुकडा सुटतो. कवळीला एवढंच हवं असतं.

मसाला मी मस्समनचाच धरला, पण सामान भंडाऱ्याचं. हे जमवताना मजा आली, कारण आई आणि मी दोघी भांडत होतो. एक किलो मटणाला भिवापूरच्या सहा मिरच्या, भिजवून. पवनीच्या लोकांना सांगायला नको ती किती तिखट असते, सहाच्या वर जाऊ नका. एक चमचा धणे, अर्धा जिरे, चार वेलच्या, चार लवंगा, बोटभर दालचिनी, सगळं भाजून. दहा-बारा पाकळ्या लसूण, दोन छोटे कांदे, आलं. कोथिंबिरीची मुळं टाकायची नाहीत, धुऊन वाटणात घ्यायची, थाई बायका तेच करतात. गवती चहाची पानं आपण चहात टाकतो, इथे त्याचा मुळाजवळचा पांढरा दांडा लागतो, बारीक चिरून. त्यांच्याकडे आल्यासारखं एक मूळ असतं, तसं आपल्याकडे काष्ठौषधीच्या दुकानात कोष्ठकोलिंजन मिळतं, गाणारे लोक घशासाठी चघळतात. त्याची पाव चमचा पूड, जास्त नको, नाहीतर काढा होतो.

आणि त्या मसाल्यात मासळीचा एक आंबवलेला गोळा असतो, त्याशिवाय चव बसत नाही. तो कुठून आणायचा? मी ऑनलाइन शोधत होते. आईने डबा काढला. सुके झिंगे. मामा तलावातले, बाजारातून आणून ठेवलेले, तिने सोबत पुण्याला आणलेले. तव्यावर भाजून एक चमचा पूड वाटणात टाकली आणि मी चाखलं. मिनेसोटाचं ते समोरचं दार पुन्हा उघडल्यासारखं झालं. शेजारणीला फोटो पाठवला, तिने उलट विचारलं, हे कुठं मिळतं?

पहिल्यांदा सगळं एकदम भांड्यात टाकलं. मटण मऊ झालं, पण दिसायला आजाऱ्याचं. आई म्हणाली, “तर्री कुठी आहे?” बरोबर होतं तिचं. मंद आचेवर तेल सुटत नाही, मसाला भाजत नाही, फक्त उकळल्यासारखा राहतो. थाई पद्धतीत नारळाच्या दुधाची घट्ट साय आधी कढईत तापवतात, ती फुटून तेल सोडते, त्या तेलात वाटण परततात. आपलं ‘तेल सुटेपर्यंत’ आणि त्यांचं ते, एकच. तेवढी दहा मिनिटं मात्र चुलीपाशी उभं राहावंच लागतं, त्याला यंत्र नाही. म्हणून आता मी नारळाच्या दुधाच्या डब्यातली वरची साय कढईत घेते, तेल दिसलं की वाटण, मग मटणाला ते फासून घेते. कोरडं खोबरंही चालतं म्हणाल तर चालतं, पण मग तो आपलाच रस्सा होतो, आणि तो आपण करतोच.

भांड्यात बटाटे तळाला, मोठे तुकडे करून, कारण इथे बटाटा मटणापेक्षा हट्टी. वर मटण. वर भाजलेले, सोललेले शेंगदाणे अर्धी वाटी. लिंबाएवढ्या चिंचेचा कोळ, तेवढाच गूळ, मीठ. पाणी अर्धी वाटीच. झाकणाखालून वाफ जात नाही, मटण आपलं पाणी सोडतं, आपण सवयीने दोन गिलास ओतले की पाणचट. ‘लो’ वर आठ तास, ‘हाय’ वर चार-पाच. उरलेलं नारळाचं दूध शेवटच्या अर्ध्या तासात, आधी घातलं तर फाटतं. झाकण उघडून पाहिलं की गेलेली धग भरून यायला पंधरा-वीस मिनिटं जातात. हे मी आईला सांगितलं, तर तिने मलाच सांगितलं की गोरसीवरच्या मडक्याचं झाकण ती कणकेने लिंपून जायची, आम्ही भावंडं शाळेतून येऊन उघडू नये म्हणून. मला वाटायचं ते सोवळं आहे.

आणि भात चिन्नोरचा. थायलंडच्या सुगंधी तांदळाचा डांगोरा जगभर आहे. ज्या द्रव्यामुळे त्याला वास येतो, तेच आपल्या सुगंधी जातींतही असतं. आपण मात्र चिन्नोर पाहुण्यांसाठी ठेवतो आणि पाहुणे आले की बासमती आणतो.

त्या दिवशी आई दोन तुकडे जेवली, मग तिसरा घेतला. काही बोलली नाही. हाड चोखून ताटाच्या कडेला ठेवलं, उघडं, सगळ्यांना दिसेल असं.

घरी माझी लेक तेव्हा तेरा वर्षांची होती. एकदा तिने मला सरळ विचारलं होतं, “आई, आजीच्या हातची चव म्हणतात, तुझ्या हातची काय आहे?” रात्री अकरापर्यंत अमेरिकेच्या मीटिंगा, सकाळी पोळ्या बाईंच्या हातच्या. मला उत्तर सुचलं नव्हतं, आणि खूप दिवस ते लागून राहिलं होतं. त्या रविवारी तिने तो रस्सा दोनदा घेतला. मी मुद्दाम तो प्रश्न काढला नाही. आजीने रोवण्याच्या दिवसांतल्या गोरसीची गोष्ट सांगायला घेतली, तर ती म्हणाली, म्हणजे आजी पण वर्किंग वुमन होती? आईला शब्द कळला नाही. मी सांगितला. ती म्हणाली, “मंग काय रिकामी होती?”

सगळं गोड झालं असं नाही. २०२१ मध्ये तिला गावी सोडायला आले तेव्हा तिच्यासाठी वेगळा स्लो कुकर घेतला, भारीतला, आकडे दिसणारा, टायमरवाला. नातेवाईक यायचे होते. रात्री लावून झोपलो. मध्यरात्री लाइट गेली, तासाभराने आली. पंखा आपोआप सुरू झाला, भांडं नाही. सकाळी पाहिलं तर पडद्यावर शून्य शून्य लुकलुकतंय आणि दीड किलो मटण कोमट. लाइट गेल्यावर आपण कुठे होतो, हे त्याला आठवायचं नव्हतं. माझा धंदाच तो आहे, कार्यक्रम मध्ये बंद पडला तर परत उठल्यावर त्याने आपली जागा ओळखली पाहिजे. ज्याने हे लिहिलं त्याच्या गावात लाइट जात नसणार. आई म्हणाली, उकळून घेऊ. मी नाही म्हटलं. पाच ते साठ अंशांच्या मधे मांस चार-पाच तास पडलं की जंतू वाढतात, आणि काहींनी तयार केलेलं विष उकळूनही जात नाही. दीड किलो मटण खड्डा करून पुरलं. आई दोन दिवस माझ्याशी धड बोलली नाही. म्हणून ज्याला घ्यायचं असेल त्याने साधा, गोल बटणाचा घ्यावा. लाइट आली की तो आपला पुन्हा तापायला लागतो. तरी रात्रभर लावू नका, दिवसा लावा, घरात कोणी असताना. आणि फ्रीजरमधलं गोठलेलं मटण तसंच कधी टाकू नका, ते त्याच धोक्याच्या पट्ट्यात फार वेळ रेंगाळतं.

शाकाहारी मंडळींसाठी ठेवलेली गोष्ट ही. यात हरभरा, छोले सुंदर होतात, हाच मसाला, झिंगे वगळून. पण राजमा कच्चा थेट घालू नका. त्यात एक विषारी द्रव्य असतं, ते खळखळ उकळल्याशिवाय मरत नाही, आणि मंद धगीवर उलट त्रास वाढू शकतो. रात्रभर भिजवून, ते पाणी ओतून, नव्या पाण्यात दहा मिनिटं चांगला उकळायचा आणि मग भांड्यात. गोरसीवर आई कधी राजमा करत नव्हती, कारण तो आमच्याकडे येतच नव्हता, त्यामुळे हे तिला मी शिकवलं. एवढी एकच गोष्ट.

आता आई इथे एकटी असते, आठवड्यातून एकदा वायरची गोरसी लावते. मटणवाल्याकडून अर्धा किलो आणते, खांद्याचं, नाव घेऊन मागते. अर्धं शेजारच्या म्हाताऱ्या काकूंना देते, त्यांचेही दात गेलेत. विजेचं बिल विचारते तर सांगितलं, दोनशे वॅट, आठ तास, दीड युनिटच्या थोडं वर. म्हणाली, गोवऱ्या फुकट होत्या.

बाई, ते आठ गुण तुम्ही परत घेतलेत तरी चालेल. सर, आजचं भांडं २३० व्होल्टचं आहे, मी दोनदा वाचून पाहिलंय. साडेतीनला ते तयार होईल. सहा लिटरचं आहे, आठ जणांना पुरतं आणि आपण इथे एकशे दहा आहोत, तेव्हा लाखनीच्या बाजूने जाणाऱ्यांनी आधी मला गाठावं. चिन्नोर भिजत घातलाय.